मधमाशीच्या गुडघ्यांसाठी फी भरली आम्ही

आज संध्याकाळी भाची स्पोकन इंग्लिशच्या क्लासवरून आली आणि झेरॉक्सचा एक कागद माझ्या हातात कोंबला. "आत्या, पाठांतर घे." वर मथळा, इंग्रज लोक रोज बोलतात ते शब्द. खाली 'कॅट्स अँड डॉग्ज', 'किक द बकेट' आणि 'द बीज नीज'. मधमाशीचे गुडघे! म्हणजे झकास, एक नंबर. अहो, १९२० च्या दशकात अमेरिकेतली तरणी पोरं हे मिरवत होती. त्यांचे पणतू म्हातारे व्हायला आले आणि आमच्या बेळगावच्या शहापुरात आता त्याचं पाठांतर!

म्हटलं, 'रिझ' शिकवलं का गं? पोरगी हसायलाच लागली. समोरच्याला पटवायची हातोटी म्हणजे रिझ, 'कॅरिझ्मा'चा मधला तुकडा. ऑक्सफर्डनं तो २०२३ चा शब्द ठरवला, पुढच्या वर्षी 'ब्रेन रॉट'. २०२५ मध्ये केंब्रिजच्या डिक्शनरीत 'स्किबिडी' पण शिरला, ज्याला धड एक अर्थसुद्धा नाही. आठवीतल्या पोरीला हे सगळं फुकटात येतं. पैसे कशाचे, तर गुडघ्यांचे.

मला आमचा आज्जा आठवला. पोरवयात तो कॅम्पात गोऱ्यांच्या मेसमध्ये भांडी घासायला होता. शाळा दुसरीपर्यंत. घरात कुणी येड्यासारखं करायला लागलं की म्हणायचा, "ह्यो डुलाली झालाय बघ." डुलतो म्हणून डुलाली असंच आम्ही धरून चाललेलो. खरं तर तो शब्द नाशिकजवळच्या देवळालीचा. मुदत संपलेले गोरे सोल्जर तिथल्या कॅम्पात विलायतेच्या बोटीची वाट बघत महिनोन् महिने पडून असायचे. काम नाही, वर ऊन, रोगराई, दारू. डोकं फिरायचं. त्याला ते 'डुलाली टॅप' म्हणायला लागले, आणि हा 'टॅप' म्हणजे आपला ताप! शब्द त्यांच्याबरोबर बोटीत चढला आणि इंग्लंडात राहिला तो राहिलाच. आज्जाला कुणी कागद दिला नव्हता. ताटं उचलता उचलता कानावर पडलं, तोंडात बसलं.

आता खरं राग कशाचा ते सांगते. त्या क्लासात मराठी किंवा कन्नड शब्द तोंडातून गेला की पाच रुपये दंड. परवा ही चुकून म्हणाली, "सर, मी लिहूलालोय." म्हणजे लिहितेय, आमच्या बेळगावी बोलीत. दंड तर घेतलाच, वर सगळ्या वर्गासमोर तिची नक्कल केली. का? 'गोइंग टू'चं 'गॉना' केलं की स्टाईल, आणि आम्ही 'लिहूलालोय' म्हटलं की गावठी? पुण्याचे पाहुणेही असेच दात काढतात, त्यांचं नंतर बघू. पण बेळगावात राहून, बेळगावच्या पोरांकडून फी घेऊन, त्यांच्याच बोलीला हसायचं? आज्जा असता तर त्या सरांना तोंडावर डुलाली म्हणाला असता.

बेंगळुरूला नोकरी पाहिजे तर इंग्लिश पाहिजे, मान्य. खानापूरकडची हुशार पोरं मुलाखतीत ततपप करतात, तेही बघितलंय. मग फोनवर कसं बोलायचं, अर्ज कसा लिहायचा ते शिकवा की.

ते सर पण पोरगाच आहे म्हणा. डिग्री झालीय, नोकरी नाही, खोलीचं भाडं द्यायचंय. त्याला कुणीतरी तो कागद दिला असणार, त्यानं पुढं झेरॉक्स मारला. त्याच्यावर काय ओरडायचं. दंडाचं मात्र मी उद्या जाऊन बोलणार आहे, ते सोडणार नाही.

फी मार्चपर्यंत भरलेली आहे, त्यामुळे पोरगी जाईल. पाठांतर काही मी घेतलं नाही. तिला 'ब्लायटी' सांगितलं. आपल्या 'विलायती'चं सोल्जरांनी केलेलं रूप, त्यांच्या बोलीत मायदेश. पहिल्या महायुद्धात तर जीव जाणार नाही पण घरी धाडतील एवढीच जखम झाली की तिलाही ब्लायटीच म्हणायचे. पोरगी म्हणाली, "म्हणजे क्लासला जायला नको म्हणून ताप येतो तसा?" हुशार आहे, आज्जावर गेलीय.

कॅम्प, वडगाव, टिळकवाडी, कुणाच्या घरात मेसमधले, पलटणीतले असे शब्द अजून चालत असतील तर खाली टाका. हसायला येणाऱ्यांनी पाच रुपये ठेवून जावा.