१८६५ साली हिशेब मिटला नव्हता

"गुलामगिरी जगभर होती. अमेरिकेत ती १८६५ साली संपली. पुढे ज्याने कष्ट केले तो वर आला. आता गुलामांच्या वंशजांनी भरपाई मागणं हे आजकालचं खूळ आहे." हा मजकूर सध्या भरपूर फिरतोय.

जगभर होती, हे खरंच आहे. पण अमेरिकेतल्या व्हर्जिनिया या तेव्हाच्या ब्रिटिश वसाहतीने १६६२ साली कायदाच केला, की आई गुलाम तर पोरही गुलाम, मग बाप खुद्द मालक का असेना. इतरांनीही गुलाम ठेवले म्हणून या कायद्याखाली पिढ्यान्‌पिढ्या जे भोगलं गेलं ते काही कमी होत नाही.

१८६५ च्या तेराव्या घटनादुरुस्तीने गुलामगिरी बंद केली, मात्र गुन्ह्याची शिक्षा म्हणून सक्तमजुरी चालू राहिली. दक्षिणेतल्या राज्यांनी लगोलग कामधंद्याविना फिरणं हाच गुन्हा ठरवला. दंड भरता आला नाही की कृष्णवर्णीय माणूस कैदी, आणि कैदी भाड्याने खाणीत नाहीतर मळ्यावर. अलाबामात ही पद्धत १९२८ पर्यंत चालली. याला संपणं कसं म्हणायचं?

आता कष्टांचं. वॉशिंग्टन शहरात १८६२ साली गुलाम मुक्त झाले तेव्हा सरकारने भरपाई दिली, माणशी ३०० डॉलरपर्यंत, आणि तीही मालकांना! राबलेल्यांच्या हाती काय आलं? यादवी युद्धात उत्तरेच्या सैन्याचा जनरल शर्मन, त्याने जानेवारी १८६५ मध्ये दक्षिणेच्या किनारपट्टीवरची जमीन त्यांच्यासाठी राखून ठेवली, कुटुंबामागे ४० एकरांपर्यंत. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष जॉन्सनने त्यातली बहुतेक जुन्या मालकांना परत देऊन टाकली. १९३५ ला सामाजिक सुरक्षा कायदा आला, त्यातून शेतमजूर आणि घरकामगार वगळले; कृष्णवर्णीयांपैकी बहुसंख्य याच कामांत होते. त्याच दशकात सरकारी नकाशांवर त्यांच्या वस्त्या कर्जासाठी धोक्याच्या म्हणून लाल रंगवल्या गेल्या आणि तिथे घरकर्ज मिळणं दुरापास्त झालं. कष्ट त्यांनीही केलेच होते. २०२२ च्या फेडरल रिझर्व्हच्या (अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेच्या) पाहणीत मधल्या, म्हणजे निम्मी कुटुंबं ज्याच्या वर आणि निम्मी खाली अशा, गोऱ्या कुटुंबाची मालमत्ता सुमारे २,८५,००० डॉलर निघाली, कृष्णवर्णीय कुटुंबाची सुमारे ४५,०००.

आणि आजकालचं खूळ? बेलिंडा नावाच्या वृद्धेने मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळाकडे १७८३ सालीच अर्ज केला. मालक आयझॅक रॉयलच्या घरी आपण गुलाम म्हणून आयुष्य राबलो, त्याच्या इस्टेटीतून आपल्याला आणि आजारी मुलीला पोटापुरतं मिळावं, एवढंच तिचं मागणं होतं. वर्षाला १५ पौंड १२ शिलिंग मंजूर झाले. पैसे मात्र नियमित येईनात. बाईला पुन्हा पुन्हा अर्ज करावे लागले.