‘नाटक’ या एका शब्दाबद्दल

१९७१च्या युद्धात आपल्या युद्धनौकेबरोबर बुडालेले भारतीय नौदलाचे कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला आणि त्यांची ‘आयएनएस खुकरी’ यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली काल रात्री एक प्रतिक्रिया आली. खाली नाव नाही. म्हणणं असं, की खुकरीला मी विनाशिका म्हटलं, ती फ्रिगेट, म्हणजे विनाशिकेहून लहान युद्धनौका होती; पाणबुडीच्या शोधात असताना बोट संथ का चालवली, यावर मी गप्प बसलो; बुडत्या बोटीबरोबर बुडणं हे शौर्य नसून ‘निव्वळ नाटक’ आहे; आणि पुण्यात बसून समुद्राच्या गोष्टी सांगू नयेत.

पहिली चूक मान्य. खुकरी ही ब्लॅकवुड वर्गातली फ्रिगेट. दाखवून दिलीत, आभारी आहे. पण त्यासाठी ‘अभ्यास न करता रडणारे लोक’ असं लिहायची काय गरज होती? मी तीन आठवडे या लेखावर बसलो होतो. दुसऱ्याला एवढं बोलायचं तर आधी स्वतःचं नाव लिहावं.

आता ‘नाटक’.

कोणाला दाखवायला हो? ९ डिसेंबर १९७१, रात्री पावणेनऊचा सुमार, दीवपासून दूर भर समुद्रात. पाकिस्तानच्या ‘हँगोर’ पाणबुडीचा पाणतीर बसला आणि काही मिनिटांत बोट गेली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक तिच्याबरोबर गेले. मुल्ला ४५ वर्षांचे होते. त्यांच्या महावीरचक्राच्या मानपत्रात काय आहे, ते तरी वाचायचं होतं. बोट सोडायचं ठरल्यावर माणसं बाहेर काढायचं काम ते शांतपणे, रीतसर करून घेत होते. स्वतःचं जीवरक्षक साधन त्यांनी एका खलाशाला दिलं. जमतील तेवढी माणसं उतरवल्यावर आणखी कोणाला वाचवता येतंय का, हे बघायला ते परत ब्रिजवर, म्हणजे बोट जिथून चालवतात तिथे गेले. बघायला गेले, असं लिहिलंय तिथे. जीव द्यायला गेले, असं नाही. काम उरलं होतं म्हणून माणूस माघारी फिरला, आणि तुम्ही त्याला नाटक म्हणता?

माझे वडील नेव्हीत स्टोकर, म्हणजे इंजिन रूममधले खलाशी होते, रत्नागिरीकडचे. तेव्हा ते दुसऱ्या बोटीवर होते. पण लोणावळ्याला नौदलाच्या प्रशिक्षण केंद्रात, आयएनएस शिवाजीत, त्यांच्याबरोबर शिकलेले दोघे खुकरीच्या इंजिन रूममध्ये होते. दोघेही परत आले नाहीत. बाबा सांगायचे, इंजिन रूममधून वर यायला एक उभी शिडी, वर हॅच, म्हणजे झाकणाचं दार. दिवे गेले की हाताला लागेल तेवढंच खरं. म्हणून पायऱ्या मोजायची सवय लावून घ्यायची. ती सवय त्यांची निवृत्तीनंतरही गेली नाही. धनकवडीच्या आमच्या घरी रात्री लाइट गेले, की ते काडेपेटी न शोधता पुटपुटत मोजत जिना उतरायचे. आणि आमच्या घराला आतून कडी कधी लागली नाही. आई चोरांच्या नावाने कातावायची, बाबा नुसतं ओढून घेतलेल्या दाराकडे बघत झोपायचे. खाली अडकलेल्या माणसाला वर कोणीतरी थांबलंय, एवढं कळलं तरी तो शिडीपर्यंत येतो, असं ते म्हणायचे. मुल्लांचं नाव निघालं की त्यांचं जेवण थांबायचं. ज्याने ती शिडी कधी चढली नाही, त्याने मला नाटक म्हणजे काय ते शिकवू नये. मीही चढलेलो नाही, पण ती चढणाऱ्याच्या घरात वाढलोय.

राहिला वेगाचा मुद्दा. सोनारच्या, म्हणजे आवाजाच्या लहरींनी पाण्याखालची पाणबुडी शोधणाऱ्या यंत्राच्या, एका प्रयोगासाठी वेग कमी ठेवला होता, हे छापून आलेलं आहे आणि मी ते वाचलंय. हँगोर फ्रेंच बनावटीची, नवी. खुकरीचं सोनार जुनं, तिच्यापुढे तोकडं. त्यावर वाद घालायचा तर नौदलातल्या जाणकारांनी घालावा. माझा लेख एका माणसाच्या शेवटच्या काही मिनिटांवर होता, चौकशी समितीचा अहवाल नव्हता.

आणि पुण्याचं म्हणाल, तर राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतले (एनडीए) नौदलाचे कॅडेट शिडाच्या बोटी हाकायला खडकवासल्याच्या पाण्यातच शिकतात. लोणावळा तर आपल्याच जिल्ह्यात. समुद्र दिसत नाही म्हणून इथल्या घरांतून समुद्रावर माणसं गेलीच नाहीत, असं तुम्हाला कोणी सांगितलं?

‘भावुक’ म्हणालात, त्याचं मला वाईट वाटलं नाही. बाबा गेल्यावर त्यांच्या ट्रंकेत मुल्लांचं २००० साली निघालेलं टपाल तिकीट सापडलं. कोरं, प्लास्टिकच्या पिशवीत, पिशवीला रबर लावलेलं. ते टेबलावर ठेवूनच मी तो लेख लिहिला.

तुमची प्रतिक्रिया काढणार नाही, तिथेच राहू दे. ‘विनाशिका’च्या जागी ‘फ्रिगेट’ आज सकाळीच केलंय. बाकी एक अक्षर बदलणार नाही.