निकाली निघाली, निकाल लागलाच नाही

सकाळी मित्राचा फोन आला. 'आमची याचिका निकाली निघाली रे.' मी अभिनंदन म्हणणार, तेवढ्यात तो म्हणाला, 'आता मुद्दाच उरला नाही म्हणे.' तेव्हापासून कशात लक्ष नाही. ताईची याचिका डोक्यातून जात नाहीये.

ताई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका. आईचं डायलिसिस सुरू असताना तिची पार दुसऱ्या टोकाच्या तालुक्यात बदली झाली. अर्ज केला, फेटाळला. मग हायकोर्टात रिट याचिका. मागणी एवढीच, की आईजवळ राहू द्या. समोरच्या वकिलांनी उत्तरासाठी चार आठवडे मागितले. मिळाले. पुन्हा मागितले, पुन्हा मिळाले. पुढे बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या सुनावण्यांच्या यादीत, नाव लागायचं, पण नंबर येईपर्यंत कोर्ट उठायचं.

नुसता वेळ काढून जिंकता येत असेल, तर उत्तर दाखल करतो कोण?

मुंबईतलं आरे आठवतंय ना? मेट्रो कारशेडसाठी तिथली झाडं तोडायची होती. ४ ऑक्टोबर २०१९ ला हायकोर्टाने याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती सुरू. ७ तारखेला सुप्रीम कोर्टाने तोड थांबवायला सांगितली, तर सरकार म्हणालं, हवी होती तेवढी झाडं तोडून झाली. २,१४१ झाडं! नोटबंदीचंही तेच. निर्णय नोव्हेंबर २०१६ चा, निकाल २ जानेवारी २०२३ ला. पाचांपैकी एकट्या न्या. नागरत्ना यांनी ती बेकायदा ठरवली, पण सहा वर्षं मागे जाणं त्यांच्याही हातात नव्हतं.

हो, न्यायाधीश कमी आहेत, फायलींचे ढीग आहेत, होऊन गेलेल्या गोष्टीवर कोर्टाने चर्चा करत बसू नये, सगळं मान्य. पण मग आधी स्थगिती द्या ना! जैसे थे ठेवा आणि घ्या हवा तेवढा वेळ. तुमच्या तारखांसाठी आजार थांबतो का?

ताई दर शनिवारी एसटीने यायची, रविवारी रात्री परतायची. आई प्रत्येक वेळी विचारायची, 'साहेबांनी वाचलं का गं आपलं?' ताई म्हणायची, 'वाचतील.'

आई गेल्यावर पाचव्या महिन्यात सुनावणी झाली. समोरच्या वकिलांनी सांगितलं, याचिकाकर्तीच्या आईचं निधन झालंय, कारण उरलेलं नाही. आमच्या वकिलांनीही मान हलवली. चार ओळींचा आदेश. बदली चूक होती की बरोबर, यावर एक अक्षर नाही. त्याच नियमाने पुढच्या वर्षी आणखी कुणाला तरी आजारी माणसापासून लांब पाठवणार आहेत. निदान त्या पुढच्या शिक्षिकेसाठी तरी दोन शब्द लिहायचे होते. तेवढंही जड झालं?

ताईने तो आदेश अजून वाचलेला नाही. नक्कल माझ्याकडेच आहे. आज विचारलं, पाठवू का? म्हणाली, 'राहू दे. आईचं नाव तरी आहे का त्यात?'

नाहीये. 'याचिकाकर्तीच्या आईचे निधन' एवढंच आहे.