जानेवारी मोकळा हवाय? मग जेट्सचे फॅन व्हा

न्यू जर्सीत एडिसन, आयझलिन, पार्सिपनी या बाजूला नवीन राहायला आलात की कधी ना कधी ऑफिसातलं कुणीतरी नाहीतर पोराच्या मित्राचा बाप तुम्हाला विचारणारच, जायंट्स की जेट्स? गडबडून जाऊ नका. प्रश्न फुटबॉलचा आहे, म्हणजे इथला फुटबॉल, जो हातात धरून पळतात. दोन्ही टीम नावाला न्यूयॉर्कच्या, खेळतात मात्र आपल्या न्यू जर्सीत, ईस्ट रुदरफोर्डच्या एकाच मेटलाइफ स्टेडियममध्ये, जायंट्सची मॅच असली की निळे दिवे, जेट्सची असली की हिरवे. निळ्यांच्या नावावर चार सुपर बोल, म्हणजे लीगच्या फायनल, आहेत. हिरव्यांच्या नावावर एक, तोही जानेवारी 1969 चा, माणूस चंद्रावर उतरायच्या सहा महिने आधीचा. आता कुठलाही शहाणा माणूस तुम्हाला निळे घ्या म्हणेल. त्याचं अजिबात ऐकू नका, डोळे मिटून जेट्स घ्या.

पहिला फायदा जानेवारीचा. या लीगमध्ये, म्हणजे एनएफएलमध्ये, 32 टीम, सप्टेंबर ते जानेवारीच्या सुरुवातीपर्यंत प्रत्येकी 17 मॅचेस, आणि त्यातल्या 14 टीम प्लेऑफला, म्हणजे पुढच्या बाद फेरीला, जातात, म्हणजे जवळजवळ निम्म्या. जेट्स प्लेऑफची शेवटची मॅच खेळले 23 जानेवारी 2011 ला, पिट्सबर्गमध्ये, 24-19 हरले. त्यानंतर 2025 धरून सलग 15 सीझन एकदाही नाही. त्या रविवारी जन्मलेलं पोर आता हायस्कूलला जातंय. आता जरा विचार करा, हळदीकुंकू, तिळगूळ, मंडळाचा संक्रांतीचा कार्यक्रम हे सगळं नेमकं जानेवारीतल्या शनिवार-रविवारी असतं आणि प्लेऑफही नेमके तेव्हाच. ईगल्सवाले बिल्सवाले नवरे भाड्याच्या कॅफेटेरियात तिळगुळाची डिश हातात धरून चोरून फोन बघत असतात, बायकोचे डोळे त्यांच्यावर. जेट्सवाला माणूस खुर्च्या मांडायला हजर, माईक चेक करायला हजर, शेवटी कचऱ्याच्या पिशव्या बाहेर न्यायला पण हजर. सासूबाई आलेल्या असतील तर त्या म्हणतात, जावई किती कामाचा आहे बघा.

आणि हे सुख आपोआप मिळतंय असं समजू नका हं. त्यामागे मेहनत आहे. कारण ही लीगच अशी बनवलीये की कुणी फार काळ खाली राहूच नये. जो तळाला, त्याला ड्राफ्टमध्ये कॉलेजचा पोरगा आधी निवडायला मिळतो. टीमच्या एकूण पगारावर मर्यादा आहे, 1994 पासून, म्हणजे श्रीमंत मालकाने सगळे चांगले खेळाडू विकत घेऊन टाकावेत तर ते जमत नाही. वेळापत्रकसुद्धा असं की शेवटच्या नंबरवाल्याला पुढच्या वर्षी काही मॅचेस दुसऱ्या शेवटच्या नंबरवाल्यांशीच मिळतात. हाताला धरून वर ओढतात हो अक्षरशः. बफेलो बिल्ससारखी टीम 17 सीझन कोरडी गेली पण शेवटी तीही 2017 ला सुटली, क्लीव्हलँड ब्राऊन्स तर 2017 ला (तेव्हा 16च मॅचेस असायच्या) 16 पैकी 16 हरले होते, तेही 2020 ला आत गेले. इतकी मदत होत असताना 15 वर्षं बाहेर राहून दाखवायचं म्हणजे खायचं काम नाही.

त्यासाठी काय काय करावं लागतं ते बघा, उद्या तुमच्या हातात एखादी टीम आलीच तर उपयोगी पडेल.

सगळ्यात आधी शेजाऱ्याला मदत करा. जेट्सच्याच डिव्हिजनमध्ये, म्हणजे गटात, न्यू इंग्लंड पेट्रियट्स, वर्षातून दोनदा यांच्याशी गाठ. जानेवारी 2000 मध्ये जेट्सचा हेड कोच म्हणून बिल बेलिचिक यांचं नाव पक्कं, पत्रकार परिषद भरली, आणि त्यांनी त्याच दिवशी कागदावर एक ओळ लिहून राजीनामा दिला. गेले कुठे, तर पेट्रियट्सकडे. पुढच्या वर्षी जेट्सच्या मो लुईसने पेट्रियट्सच्या क्वार्टरबॅकला, म्हणजे त्यांच्या मुख्य खेळाडूला, असा काही ठोकला की तो हॉस्पिटलमध्ये, मग त्याच्या जागी एक बाकावरचा पोरगा उतरला, त्याचं नाव टॉम ब्रेडी. बेलिचिक अधिक ब्रेडी, बरोबर सहा सुपर बोल. कोच यांनी सोडला, क्वार्टरबॅकची जागा यांनीच मोकळी करून दिली, शेजारधर्म पाळावा तर असा. (2010 च्या सीझनला मात्र यांनी त्याच ब्रेडीला त्याच्याच मैदानावर प्लेऑफमध्ये हरवलं होतं, सहा आठवड्यांपूर्वी 45-3 असा मार खाऊन. तो दिवस आठवून अजून काही जणांचे डोळे भरून येतात. पण अशा गोष्टी फार वेळा केल्या की सवय लागते, म्हणून नंतर बंद केलं.)

मग क्वार्टरबॅक. हा म्हणजे टीमचा कॅप्टन, बोलर, बॅट्समन सगळं एकच. तो कच्चा असतानाच घ्या, समोर त्याला वाचवणारी भक्कम लाईन अजिबात उभी करू नका, दर दोन वर्षांनी कोच बदला म्हणजे त्याला दर दोन वर्षांनी नवीन भाषा शिकावी लागेल, आणि तो जरा शिकतोय असं वाटलं रे वाटलं की देऊन टाका. जीनो स्मिथ 2013 ला आला, 2015 च्या ऑगस्टमध्ये ड्रेसिंग रूममध्ये सहकाऱ्यानेच बुक्की मारून त्याचा जबडा मोडला, भांडण 600 डॉलरचं. तोच पुढे सिएटलला जाऊन 2022 ला प्लेऑफ खेळला. सॅम डार्नोल्डला 2018 ला तिसऱ्या नंबरवर घेतलं, पुढच्या वर्षी पेट्रियट्सविरुद्ध बिचारा इतका गांगरला की मला भुतं दिसतायत म्हणाला, माईक चालू होता, सगळ्या देशाने ऐकलं, 33-0 हरले. 2021 ला त्याला दिला कॅरोलायनाला. तो 2024 ला मिनेसोटाकडून 14 मॅचेस जिंकला आणि फेब्रुवारी 2026 मध्ये सिएटलकडून सुपर बोल जिंकून मोकळा झाला, समोर कोण तर पेट्रियट्स. म्हणजे जेट्समध्ये गुण ओळखायची नजर आहेच हो, फक्त गुण दिसायला तो माणूस दुसऱ्या गावी पाठवावा लागतो.

जिंकायचं कधी हेही शिकण्यासारखं. 2020 ला सलग 13 हरले होते, फक्त आणखी तीन हरायचे, पहिला ड्राफ्ट पिक नक्की, आणि पहिला कोण हेही सगळ्यांना माहीत, क्वार्टरबॅक ट्रेव्हर लॉरेन्स, दहा वर्षांत एखादा येतो तसला पोरगा म्हणत होते. तर यांना अचानक स्वाभिमान जागा झाला. लॉस एंजेलिसला जाऊन रॅम्सना 23-20 हरवलं, लगेच पुढच्या आठवड्यात ब्राऊन्सना हरवलं. शेवटी 2-14, म्हणजे दोन विजय, 14 पराभव. लॉरेन्स जॅक्सनव्हिलला, जेट्सना दुसऱ्या नंबरवर झॅक विल्सन, तीन सीझन खेळला आणि गेला. आणि उलट जिंकायची खरंच गरज असते तेव्हा? 2015 ला 10 विजय होते, शेवटची मॅच बफेलोत, जिंकलं की प्लेऑफ, दुसरं काही बघायचं नाही. समोरच्या टीमचा कोच रेक्स रायन, ज्याला यांनीच वर्षापूर्वी काढलेलं आणि ज्याच्याच हाताखाली 2009 आणि 2010 ला प्लेऑफ बघितले होते. चौथ्या क्वार्टरमध्ये जेट्सच्या क्वार्टरबॅकची तीन इंटरसेप्शन, म्हणजे तीनदा फेकलेला बॉल थेट समोरच्यांच्या हातात, 22-17, बसा घरी.

फॅन म्हणून तुमचं वर्ष कसं जाईल ते पण सांगून ठेवतो. एप्रिलच्या शेवटी, अक्षय्य तृतीयेच्या आगेमागे ड्राफ्ट असतो, तेव्हा नवीन नाव ऐकून आधी हुर्यो करायची आणि आठवडाभराने त्याचे कॉलेजचे व्हिडिओ बघून म्हणायचं, नाही पण आहे काहीतरी पोरात. ऑगस्टमध्ये डिफेन्स यंदा टॉप फाईव्ह आहे असं दिसेल त्याला सांगायचं. गणपतीच्या सुमारास सीझन सुरू, तेव्हा आशा एकदम वर. दसऱ्याला थोडी शंका. दिवाळीचा फराळ होईपर्यंत गणित सुरू, की आपण उरलेल्या सगळ्या जिंकल्या आणि मायामी दोन हरली आणि... इथे पोरगी येऊन विचारते बाबा होमवर्क करताय का.

2023 ला मात्र गणपतीपर्यंत पण थांबावं लागलं नाही. क्वार्टरबॅक ॲरन रॉजर्स आणला होता, चार वेळचा एमव्हीपी, म्हणजे लीगमधला वर्षाचा सर्वोत्तम खेळाडू, आता बास, आता झालंच. 11 सप्टेंबर, सोमवार रात्र, मेटलाइफ खचाखच, रॉजर्स अमेरिकेचा झेंडा हातात घेऊन धावत बाहेर आला, लोक रडायचे बाकी होते. चौथ्याच चालीला त्याचा घोट्यामागचा स्नायुबंध तुटला. सीझन संपला. गणेश चतुर्थी त्या वर्षी 19 ला होती, म्हणजे बाप्पा बसायच्या आठ दिवस आधीच यांचं विसर्जन. गंमत म्हणजे ती मॅच जेट्स जिंकले, त्यामुळे धड रडताही येईना.

अजून दोन-चार वाक्यं पाठ करून ठेवा. नवीन कोच आला की, त्याला वेळ द्यायला हवा. दुसऱ्या वर्षी, खेळाडूच तसे आहेत तो काय करणार. तिसऱ्या वर्षी, हाकला त्याला. रायननंतर बोल्स, गेस, सालेह, आता ग्लेन, वाक्यं तीच चालतात. सालेहला तर 2024 ला लंडनमधली मॅच हरून परत आल्या आल्या काढलं, पाच मॅचेस झाल्या होत्या, त्यातल्या दोन जिंकल्याही होत्या. ग्लेनने पहिल्याच वर्षी सुरुवातीला सात हरून शेवटी 3-14 केलं आणि अख्ख्या सीझनमध्ये डिफेन्सने एकही इंटरसेप्शन केलं नाही, असं लीगच्या इतिहासात आधी कुणालाच जमलं नव्हतं, तेव्हा त्यालाही वेळ द्यायला हवा. मालकाविषयी काही वाक्य पाठ करायची गरज नाही, 2000 पासून वुडी जॉन्सनच आहेत, ते बदलत नसतात.

पुण्याहून भाचा फोनवर आरसीबीचं उदाहरण देऊन धीर द्यायला लागला तर विषय बदला. ते 2025 ला जिंकले. आपल्यातलं एक घर कमी झालं.

आणि विक्रमाची घाई करू नका. शिकागो-सेंट लुईसवाले कार्डिनल्स 1949 पासून 1973 पर्यंत सलग 25 सीझन कोरडे होते, तिथपर्यंत जायला अजून दहा वर्षं आहेत. जेट्सवर विश्वास ठेवा.

राहता राहिली जर्सी. चालू खेळाडूच्या नावाची घेऊ नका, पैसे पाण्यात. सॉस गार्डनरशी जुलै 2025 मध्ये चार वर्षांचा मोठा करार केला आणि नोव्हेंबरमध्ये त्याला इंडियानापोलिसला धाडला, त्याच दिवशी क्विनेन विल्यम्स डॅलसला, बदल्यात काय तर ड्राफ्ट पिक, म्हणजे पुन्हा एप्रिल. त्यापेक्षा 12 नंबर घ्या, जुना क्वार्टरबॅक जो नेमथ याचा, त्याने 1969 चा तो सुपर बोल आपण जिंकणारच असं आधी सांगून जिंकला होता आणि तो 1976 नंतर जेट्सकडून खेळला नाही, त्यामुळे त्याला आता कुणी ट्रेड करू शकत नाही. साईझ मात्र एक मोठा घ्या. डिसेंबरमध्ये आत स्वेटर घालावा लागतो, आणि प्लेऑफ येईपर्यंत तुमचं वजनही वाढलेलं असणार.