आधी कासव, मग किल्ला

मला फक्त एका भिंतीवर उभं राहायचं होतं.

श्रीलंकेतल्या गॉलची कसोटी टीव्हीवर लागली की दर चार-पाच षटकांनी कॅमेरा मैदान सोडून पलीकडच्या किल्ल्याच्या तटावर चढतो. तिथे हिरवळीवर छत्र्या उघडून लोक निवांत बसलेले असतात. तिकीट नाही, रांग नाही, खाली कसोटी आणि बाजूला समुद्र. २००८ साली सेहवागने याच मैदानावर भारताच्या ३२९ धावांतल्या २०१ एकट्याने केल्या आणि शेवटपर्यंत नाबाद राहिला. मी तेव्हा ऑफिसात साहेबांकडे पाठ करून स्कोअर बघत होतो. रात्री क्षणचित्रांत ते छत्रीवाले दिसले आणि मला त्यांचा जो हेवा वाटला, तो मी पुढे इतकी वर्षं नीट घडी घालून जपून ठेवला होता.

त्यामुळे श्रीलंकेच्या सहलीत कोलंबोला एक दिवस मोकळा मिळाला, तेव्हा मी कुणाला न विचारता 'गॉल किल्ला, एक दिवस, गाईडसह' अशी सहल ठरवून टाकली.

"किल्ला?" ही म्हणाली. "अहो, रायगडाच्या पायथ्याशी सरबत पीत बसला होतात ते आठवतंय ना?"

म्हटलं, हा किल्ला सपाट आहे. बस थेट आत जाते. शिवाय गाईड आहे, आपल्याला काही बघायला नको.

हे शेवटचं वाक्य मी बेसावधपणे बोललो. ते शब्दशः खरं ठरलं.

कोलंबो ते गॉल अंतर सव्वाशे किलोमीटरच्या आत. २०११ पासून द्रुतगती मार्ग झालाय, त्यामुळे दोन तासांत माणूस तटावर. हे सगळं मी आदल्या रात्री नकाशावर बोटाने फिरून पाहिलं होतं. सकाळी साडेसहाला बस निघाली आणि सरळ समुद्राकाठच्या जुन्या रस्त्याला लागली. मी हळूच गाईडला विचारलं. पिवळी छत्री मांडीवर घेऊन बसलेला हा हसरा तरुण म्हणाला, "एक्स्प्रेस वे नो व्ह्यू, सर. वुई गो सीनिक!"

सहलवाल्यांच्या कोशात 'सीनिक' म्हणजे वाटेत दुकानं असलेला.

बसमध्ये आम्ही चौदा जण. पुढच्या सीटवर एक निवृत्त काका आणि त्यांच्या काकू होत्या. काकांचे प्रश्न दिवसभर दोनच: चहा आहे का, आणि नसला तर निदान दुसरी सोय कुठे आहे. ड्रायव्हर पन्नाशीचा, काळा चष्मा लावलेला. तो सकाळपासून एक अक्षर बोलला नव्हता. गाईड दर थांब्यानंतर बसमध्ये चढून "आयुबोवन, फॅमिली!" म्हणायचा आणि आम्ही सगळ्यांनी हात जोडून ते परत म्हणायचं. तिसऱ्या वेळेपर्यंत आमच्या आयुबोवनमधला जीव गेला होता. खरं तर हा दीर्घायुष्याचा आशीर्वाद आहे. या वेगाने गॉलला पोचायचं तर दीर्घायुष्य लागणारच होतं.

पहिला थांबा कोसगोडाला, कासवांची अंडी उबवतात तिथे. सिमेंटच्या टाकीत तळहाताएवढी पिल्लं पाण्यात चपळ वल्ही मारत होती. गाईडने सांगितलं की मादी मोठी झाली की समुद्रातून हजारो किलोमीटर फिरून जिथे जन्मली त्याच भागातल्या किनाऱ्यावर अंडी घालायला येते. काकांनी माझ्याकडे वळून बघितलं. "म्हणजे बघा, कासवसुद्धा ठरल्या ठिकाणी बरोबर पोचतं."

दुसरा थांबा मसाल्यांची बाग. या थांब्याबद्दल मला जरा सविस्तर बोललं पाहिजे.

पांढऱ्या कोटातला एक माणूस आम्हाला झाडाझाडापाशी नेऊन कोडी घालत होता. जमिनीतून एक गड्डा उपटून त्याने विजयी मुद्रेने विचारलं, हे काय असेल? आमच्यातल्या सहा बायकांनी एका सुरात "हळद" म्हटलं. मग मिरी, मग वेलची, मग कढीलिंब. कढीलिंब ओळखल्यावर तर तो दचकलाच. काकूंनी त्याला वर फोडणीत तो कधी घालायचा तेही सांगितलं. दालचिनीची साल सोलून दाखवली ती मात्र खरोखर बघण्यासारखी होती. पितळी दांड्याने फांदी घासायची, मग बारीक सुरीने चीर देऊन कागदासारखी आतली साल सोडवायची. याच सालीपायी पोर्तुगीज, डच आणि इंग्रज पाळीपाळीने या बेटावर उतरले. आणि आम्ही, जे घरच्या डब्यात मूठभर दालचिनी ठेवून आलो होतो, तिथे बाकांवर बसून तिच्या तेलाचे भाव ऐकत होतो.

मग त्याने केस काढण्याचं आयुर्वेदिक मलम काढलं. प्रात्यक्षिकाला माणूस पाहिजे. सगळे एकदम झाडांकडे बघायला लागले, मी एकटाच घड्याळाकडे बघत होतो. त्यामुळे माझाच हात सापडला. मनगटाच्या वर चार बोटं मलम फासलं, दहा मिनिटं थांबवलं आणि कापसाने पुसलं. माझ्या दणकट केसाळ हातावर बाळाच्या गालासारखा गुळगुळीत चौकोन उमटला. टाळ्या पडल्या. चौदापैकी कुणीही मलम घेतलं नाही. चौकोन माझ्याकडे राहिला.

मीटियागोडाला चंद्रमण्याची खाण आहे. खाण बघायला तीन मिनिटं लागली आणि खाणीला लागून असलेलं दुकान बघायला पन्नास. हिने एक अंगठी घातली, काढली, घातली. "मी फक्त बघतेय," ती म्हणाली. म्हटलं, मीही बघतोय, घड्याळ. त्यावर तिने जे माझ्याकडे बघितलं त्यानंतर ती अंगठी घ्यावीच लागली.

पुढे पेरालियापाशी बस थांबली. २६ डिसेंबर २००४ ला त्सुनामीच्या लाटेने इथे कोलंबोहून येणारी आगगाडी रुळांवरून उचलून फेकली, हजारावर माणसं गेली. गाईडने छत्री उघडली नाही, फॅमिली म्हणाला नाही. काकांनीही काही विचारलं नाही. दिवसभरात हा एकच थांबा असा, जिथे मी घड्याळ बघितलं नाही.

मग जेवण. भात, पाच प्रकारच्या कालवणांची रांग, नारळाची लालभडक चटणी. काका तीनदा उठले. बस पुन्हा निघाली तेव्हा अडीच वाजून गेले होते.

गॉलच्या तटाच्या आत शिरायला पोर्तुगिजांना अडचण आली नाही, कारण तो बांधायला सुरुवात त्यांनीच केली. डचांनी १६४० साली वेढा घालून तो घेतला. इंग्रज १७९६ साली आले. आम्ही आलो सव्वातीनला, आणि माझ्या मते सगळ्यांत जास्त हाल आमचे झाले.

मोठ्या दरवाजातून बस आत वळताना डावीकडे एक क्षण हिरवंगार काहीतरी चमकलं. मैदान! मी उजवीकडे बसलो होतो. डावीकडच्या खिडकीवर झेपावलो तोवर काकूंच्या डोक्यावरच्या टोपीखेरीज काही दिसलं नाही.

"किती वेळ आहे आपल्याला इथे?" मी विचारलं.

"प्लेंटी, सर! वन अवर. पाच वाजता ट्रॅफिक."

तो तास कसा गेला सांगतो. पहिली पंधरा मिनिटं जुन्या दरवाजात. त्याच्या बाहेरच्या अंगाला इंग्रजांचं राजचिन्ह आहे, आतल्या अंगाला डच ईस्ट इंडिया कंपनीचं, सिंहांच्या मधे, वर कोंबडा आणि खाली १६६९ साल. कोंबडा का, तर पोर्तुगिजांनी इथे कोंबड्याची बांग ऐकली, त्यांच्या भाषेत कोंबड्याला 'गालो' म्हणतात, म्हणून गावाचं नाव गॉल, अशी एक दंतकथा. गाईडने स्वतः आरवून दाखवलं. स्थानिक उच्चार 'गाल्ल' आहे, हेही त्याने आमच्याकडून सामूहिक घोटून घेतलं.

पुढची दहा मिनिटं डचांच्या गटारांवर. भूमिगत गटारं, समुद्राच्या पाण्याने धुऊन निघणारी, पाणी चढवायला बुरुजावर पवनचक्की. ऐकायला फार छान होतं. पण सतराव्या शतकातल्या सांडपाण्याच्या व्यवस्थेचं हे कौतुक चालू असताना काका एका पायावरून दुसऱ्या पायावर होत होते. अखेर न राहवून ते म्हणाले, "ते ठीक आहे हो, पण आत्ता कुठे आहे?"

१७५५ सालच्या डच चर्चमध्ये जमिनीत थडग्यांच्या शिळा बसवल्या आहेत. त्यांवर कोरलेल्या कवट्या चुकवत चालताना मला वाटलं, यातला एखादा तरी 'सीनिक' रस्त्याने आलेला असणार. तिथून दीपस्तंभ. १९३९ सालचा, पांढराशुभ्र, माडांच्या मधे उभा, खाली निळं पाणी. हिचा जीव खरोखर तिथे रमला. मी तिचे अकरा फोटो काढले, ज्यांतल्या दहांत म्हणे दीपस्तंभ तिच्या डोक्यातून उगवला आहे.

आणि तिथे मला कळलं की दीपस्तंभ किल्ल्याच्या एका टोकाला आहे आणि मैदानाकडचा तट बरोबर विरुद्ध टोकाला. गाईडने छत्री वर केली. "फ्री टाइम, फॅमिली! ट्वेंटी मिनिट्स. शॉपिंग!"

"तू अंगठीवाल्या दुकानात थांब," मी हिला म्हटलं. हे वाक्य मी आयुष्यात प्रथमच बोललो. ती काय उत्तर देतेय ते ऐकायला न थांबता मी पळत सुटलो.

पळत म्हणजे माझ्या वयाला शोभेल असं. अरुंद गल्ल्या, दारापुढे खांबांचे व्हरांडे, कॉफीवाले, लग्नाचे फोटो काढून घेणारी एक जोडी, तिच्या फोटोत मी. धापा टाकत चढ चढलो आणि समोर घड्याळाचा मनोरा आला. १८८३ सालचा. गावातल्या एका डॉक्टरच्या सन्मानासाठी त्यांच्या हातून बऱ्या झालेल्या एका धनिकाने बांधून दिलेला. आमच्याकडे रुग्ण फार तर पेढे देतात. मी घड्याळाकडे न बघता त्याच्या पायथ्याशी गवतावर गेलो, कठड्याजवळ.

खाली मैदान होतं. पूर्ण, एका नजरेत मावेल एवढं. रिकामं. खेळपट्टीवर आच्छादन आणि एक माणूस पाण्याचा पाइप ओढत चाललेला. त्सुनामीने हे मैदान धुऊन नेलं होतं, तटाच्या आतलं गाव मात्र या भिंतींनी वाचवलं. २००७ च्या डिसेंबरात इथे पुन्हा कसोटी झाली आणि आठ महिन्यांच्या आत सेहवाग.

शेजारी कुणीतरी उभं होतं. काळा चष्मा. हातात कागदाच्या पुडीत मीठ-तिखट लावलेल्या कैरीच्या फोडी. आमचा ड्रायव्हर.

मी खालच्या खेळपट्टीकडे बोट दाखवून म्हटलं, "सेहवाग."

त्याने फोड चावत मान हलवली. "टू हंड्रेड वन. नॉट आउट." दिवसातले त्याचे पहिले शब्द. मग त्याने चष्मा वर सरकवला आणि तेच टोक दाखवून म्हणाला, "मुरली. एट हंड्रेड. लास्ट बॉल. ओझा."

२०१० ची ती कसोटी. श्रीलंकेच्या मुरलीधरनने आपल्या कसोटी कारकिर्दीतल्या शेवटच्या चेंडूवर भारताच्या प्रग्यान ओझाला बाद करून आठशेवा बळी घेतला होता. म्हटलं, हो, आमचाच गेला. तो हसला, पुडी माझ्यापुढे धरली. फोड घेताना त्याला माझ्या हातावरचा गुळगुळीत चौकोन दिसला. "स्पाइस गार्डन?" मी मान डोलावली. त्याने बाही वर केली. त्याच्याही हातावर तसाच एक चौकोन, जुना, केस पुन्हा उगवू लागलेला.

माझा फोन वाजायला लागला. हिचा. मग गाईडचा. मग पुन्हा हिचा. दूर खालच्या रस्त्यावर पिवळी छत्री गरगर फिरत होती आणि तिच्याभोवती बारा माणसं गोळा होऊन चारी दिशांना बघत होती. मी घाईघाईने निघालो तर ड्रायव्हरने मला बाहीला धरून थांबवलं. खिशातून बसची किल्ली काढून बोटाभोवती फिरवली, कठड्यावर नीट टेकून बसला आणि पुडी परत माझ्यापुढे केली.