पाच नंबरचं बटन

दोन रात्री खपून मी घरच्या कॉम्प्युटरवर 'मुस्तफा' हा जुना व्हिडिओ गेम चालू केला. खरं नाव 'कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स', कॅपकॉम या जपानी कंपनीचा, १९९३ चा. पण तालुक्याच्या स्टँडमागच्या गेम पार्लरात हे नाव घेणाऱ्याला वेड्यात काढलं असतं. आपल्याकडे तो पिवळ्या टोपीवाल्या मुस्तफाचाच गेम.

मेम नावाचा फुकटचा प्रोग्राम कॉम्प्युटरवर पार्लरातल्या जुन्या मशिनचं सोंग घेतो. त्यालाही आवाजाच्या चिपची वेगळी फाइल लागते. ती नसली की नुसतं 'नॉट फाउंड'. ती एकदाची सापडली आणि नेमके तेव्हाच शेजारचे बापूकाका फवारणीचा पंप मागायला आले.

मेममध्ये ५ दाबलं की कॉइन पडतो. काका पंप विसरले.

"हे पैसे कोन टाकून रायला बे?"

"कोनीच नाई. पाच दाबलं का येते."

"कितीक बी?"

"कितीक बी."

काकांनी स्वतः बोट लावलं. कॉइन पडला. पुन्हा लावलं. पुन्हा पडला.

"सोसायटीत बसवाले पाह्यजे हे."

एका रुपयासाठी मी याच काकांच्या हातून कान पिरगाळून घेतला होता, पार्लरातून घरापर्यंत. ते त्यांना आठवत नाही. मला आठवतं.

"हा टोपीवाला कोनाले मारून रायला?"

"शिकाऱ्याइले. ते डायनासोर मारतेत, हा वाचवते."

इथं माझं चुकलं.

"म्हंजे हा जनावराच्या बाजूनं? माह्या तुरीत रोही, हरबऱ्यात डुकरं, रातभर डबडं वाजवत बसतो मी धुऱ्यावर. पंचनाम्याले दोन वर्सं झाली, दमडी नाई आली. अन् तू जनावरं वाचवून रायला? शिकाऱ्याइकडून खेळ!"

"तसं नाई खेळता येत, काका."

"काहून? पैसे तं तूच टाकले ना!"

मी उत्तर शोधेपर्यंत मुस्तफा आडवा झाला. काकांनी टाळी वाजवली. पूर्वी एका रुपयात अर्धा गेम ओढायचो, जीव मुठीत धरून. आता फुकट कॉइन टाकत सुटलो, तरी त्या मरण्यात काही राम वाटेना. तेवढ्यात लाइन गेली. गेम सेव्ह केला नव्हता.

जाताना काकांनी पंप नेला, तो अजून परत आलेला नाही. आज सकाळपासून मात्र दोघं येऊन गेले, हातउसने मागायला. बापूकाकांनी पाठवलं म्हणे.