आंबट चुका आणि भाषांतराची पट्टी

नमस्कार काका,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. ब्लॉगचं भाषांतर बंद करणं हा भाषेचा हट्ट आहे, तुमची सून कन्नडभाषक आहे आणि ‘या पानाचं भाषांतर करू का’ असं विचारणाऱ्या ब्राउझरच्या त्या पट्टीच्या आधारानेच ती माझ्या कृती करून बघायची, असं तुम्ही लिहिलंत. सुनेबद्दलचं म्हणणं मला पूर्ण पटलं. हट्टाचं मात्र नाही.

झालं असं. अळूच्या फदफद्यात मी आंबट चुका ही पालेभाजी घालायला सांगते. पावसाळ्यात एका वाचक ताईंचा निरोप आला, की भाजी खाऊन घरात सगळ्यांचा घसा खाजला. चुका घातला होता का, असं विचारलं तर त्यांना हा शब्दच माहीत नव्हता. भाषांतरात त्याचं ‘मिस्टेक्स’ झालं होतं! काहीतरी भलतंच छापलंय असं समजून त्यांनी ती ओळच सोडली, आणि चिंचही घातली नाही. अळूत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे कण असतात, खाज सुटते ती त्यांच्यामुळे. म्हणून तर आपल्याकडे अळू आंबटाशिवाय शिजवत नाहीत. भाषांतर थोडं चुकलं तर वाचक समजून घेतो, असं तुम्ही म्हणता. पण मूळ शब्द ज्याला दिसतच नाही, तो काय समजून घेणार?

त्याच रात्री घाबरून मी टेम्प्लेटमध्ये, म्हणजे ब्लॉगच्या सगळ्या पानांच्या सामाईक साच्यात, ‘ट्रान्सलेट’पुढे ‘नो’ लिहिलं; याचं भाषांतर करू नकोस, अशी ती ब्राउझरला सूचना असते. ती घाई झाली. तुमच्या सुनेसारख्या वाचकांचा विचार तेव्हा मनात आला नाही, याचं वाईट वाटतं.

काल ते काढलं. आता ‘नो’ फक्त चुका, तिरफळ, चाकवत अशा शब्दांपुरतं आहे, आणि प्रत्येकाशेजारी साध्या मराठीत खुलासा लिहिलाय: आंबट पानांची पालेभाजी, वगैरे. नाव जसंच्या तसं राहील, खुलाशाचं भाषांतर होईल. जात्यावरच्या ओव्यांची पानं मात्र बंदच ठेवणार आहे. तिथे शब्द हलला की काही उरत नाही.

हे करताना आणखी एक सापडलं. टेम्प्लेटमध्ये पानाची भाषा इंग्रजी अशी नोंदलेली होती, आणि मला इतकी वर्षं पत्ता नाही. तिथे मराठीचा ‘एमआर’ हा संकेत टाकला. काही फॉन्टांमध्ये त्यामुळे ल आणि श हिंदी वळणाचे न दिसता आपल्या वळणाचे दिसतात, आणि पान वाचून दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरला मराठी आवाज निवडता येतो. मला फार बरं वाटलं ते बघून.

आता ज्यांना पट्टी नको, त्यांच्यासाठी. आपल्यापैकी कितीतरी जणांचा फोन इंग्रजीत असतो, आणि ब्राउझर त्यावरून धरून चालतो की या माणसाला मराठी येत नाही. क्रोमच्या सेटिंग्जमध्ये भाषांच्या यादीत मराठी जोडा, किंवा पट्टी आली की तिच्या मेनूतून मराठीचं भाषांतर कधीच करू नये हा पर्याय निवडा. हे काम वाचकाच्या फोनवरच व्हायला हवं होतं, मी सगळ्यांसाठी दार लावून घ्यायला नको होतं.

सूनबाईंना अळूचं पान पुन्हा कन्नडमध्ये उघडून बघायला सांगाल का? चुका हा शब्द तसाच दिसतोय का आणि शेजारचा खुलासा नीट कळतोय का, तेवढं इथेच लिहा. कुठे अडलं तर लगेच दुरुस्त करते.